उतरवलेल्या चित्रांची वही

ओल्ड ट्रॅफर्ड म्हटले की माझ्या पिढीला सचिन आठवतो. 1990 च्या ऑगस्टमध्ये त्याने कसोटीतले पहिले शतक तिथे ठोकले, नाबाद 119, आणि हातातून चाललेला सामना वाचवला. पण ते मैदान आज जिथे आहे तिथे आले कसे, ही हकिगत मला फार उशिरा वाचायला मिळाली. मँचेस्टर क्रिकेट क्लबाचे आधीचे मैदान तिथून जवळच होते. 1857 साली त्या जागेवर चित्रांचे प्रदर्शन भरवायचे ठरले, तेव्हा क्रिकेटवाल्यांनी बाडबिस्तरा उचलला आणि शेजारची जागा धरली. तेच आजचे ओल्ड ट्रॅफर्ड. चित्रांसाठी क्रिकेटने जागा सोडली, हे वाचले आणि मी त्या प्रदर्शनाच्या मागेच लागलो.

‘आर्ट ट्रेझर्स’ असे त्याचे नाव. लोखंड आणि काचेची भलीमोठी इमारत खास त्यासाठी उभारलेली. 5 मे 1857 रोजी राणी व्हिक्टोरियाचे यजमान प्रिन्स अल्बर्ट यांनी उद्घाटन केले आणि 17 ऑक्टोबरला पडदा पडला. मधल्या साडेपाच महिन्यांत 16,000 कलाकृती आणि 13 लाखांवर प्रेक्षक. आगगाडीसाठी दाराशीच फलाट केला होता. इंग्लंडमधल्या उमरावांच्या वाड्यांतून पिढ्यान्‌पिढ्या न हललेली चित्रे पेट्यांत भरून या धुराड्यांच्या गावात आणली होती. त्यात मायकेलअँजेलोचे एक अपुरे राहिलेले चित्र होते. आज ते लंडनच्या नॅशनल गॅलरीत आहे आणि अजूनही त्याला ‘मँचेस्टर मॅडोना’ म्हणतात. काही महिने एका गिरणगावात टांगले गेले, तेवढ्यावर त्या गावाचे नाव कायमचे लागले.

पाहुण्यांना संगीत ऐकवण्यासाठी चार्ल्स हॅले या संगीतकाराने वादकांचा ताफा जमवला होता. प्रदर्शन संपल्यावर ताफा मोडायला त्याचे मन होईना. 1858 पासून त्याने तोच ताफा घेऊन गावात मैफली सुरू केल्या, आणि हॅले ऑर्केस्ट्रा आजही मँचेस्टरमध्ये वाजतो. इमारत मात्र पाडून विकून टाकली. सगळा जमाखर्च होऊन शिल्लक उरली ती जेमतेम 300 पौंडांच्या आसपास.

हे सगळे आपल्याला इतके बारीकसारीक ठाऊक आहे, ते का? इमारत राहिली नाही, चित्रे ज्याची त्याच्या घरी गेली. राहिले ते कागद. चित्रांच्या याद्या, तिकिटांचे दर, रोजची हजेरी, वर्तमानपत्रांतल्या कौतुकाच्या आणि तक्रारींच्या बातम्या, जमाखर्चाची वही. त्या कागदांच्या जोरावर दीडशेहून अधिक वर्षांनंतर सोलापुरात बसलेला माणूस त्या प्रदर्शनातून फेरफटका मारून येऊ शकतो.

आणि मला माझ्याच गावातल्या, माझ्याच हयातीतल्या प्रदर्शनांतून फेरफटका मारता येत नाही. माझ्या मनातली खंत ती आहे.

मध्यंतरी गावातल्या एका सभागृहाच्या कचेरीत गेलो होतो. इथे आजवर कोणकोणत्या चित्रकारांनी प्रदर्शने मांडली, एवढेच विचारायचे होते. तिथल्या बाई भल्या. त्यांनी खुर्ची दिली, चहा मागवला आणि बुकिंगची वही पुढे केली. निळ्या कापडी बांधणीची लांबोडकी वही. रकाने आखलेले. तारीख, भाडेकरूचे नाव, कारण, अनामत, वीज. ‘कारण’ या रकान्यात साडी सेल, वधू-वर मेळावा, आरोग्य शिबिर, पुन्हा साडी सेल, आणि मध्येच एके ठिकाणी ‘चित्रे’. नुसतेच ‘चित्रे’. कुणाची, कसली, किती, काही नाही. पुढे अनामत परत मिळाल्याची सही, तीही वाचता येत नव्हती.

‘‘याच्या आधीच्या वह्या?’’

‘‘त्या गेल्या असतील ओ सर रद्दीत. हिशेब तपासून झाला की ठेवून काय करायचं?’’

त्या बाईंचा यात काहीच दोष नाही. ती वही भाड्याची आहे, चित्रांची नाही. चित्रांची वही ठेवायला त्यांना कुणी सांगितलेलेच नाही. पण त्या ‘चित्रे’ या शब्दाखाली एक माणूस आहे. त्याने सुट्ट्या काढून, कदाचित कर्ज काढून, फ्रेमा करून घेतल्या असतील. टेम्पोत गाद्या टाकून त्या आणल्या असतील. पहिल्या दिवशी पाहुण्यांनी फीत कापली असेल, मग नातेवाईक, मग शाळेची मुले, मग बाहेर पाऊस आला म्हणून आत शिरलेले दोघे-तिघे. रविवारी रात्री खिळे उपटले, भिंतीवर भोके राहिली, आणि सोमवारी तिथे साड्या लागल्या. चित्रकार मंडळी या कामाला ‘डिस्प्ले उतरवणे’ म्हणतात. ते काम मी लहानपणापासून पाहत आलो आहे. आमचे चित्रकलेचे सर एलिमेंटरी-इंटरमिजिएटच्या मुलांना घेऊन दर वर्षी शाळेच्या हॉलमध्ये प्रदर्शन मांडायचे आणि उतरवायच्या कामाला आम्हालाच जुंपायचे. चित्राच्या पाठीमागे पेन्सिलने नाव, इयत्ता आणि साल लिहिल्याशिवाय सर ते गुंडाळू द्यायचे नाहीत. त्या वेळी ही सरांची कटकट वाटायची.

मँचेस्टर आणि सोलापूर यांचे नाते तसे जुनेच. माझ्या आजीच्या बोलण्यात मँचेस्टर यायचे ते धोतरजोड्यांपुरते आणि विदेशी कापडाच्या होळीपुरते. सोलापूरची जुनी मिल 1877 साली सुरू झाली, शेठ मोरारजी गोकुळदास यांनी काढलेली. पुढे विष्णू मिल, लक्ष्मी मिल, नरसिंग गिरजी. आमच्या घरातली दोन माणसे वीव्हिंग खात्यात होती. भोंग्यावर घराचे घड्याळ चालायचे. अशा घरातल्या माणसाला मँचेस्टरच्या चित्रांबद्दल वाचताना पहिला प्रश्न पडतो तो हा, की त्या गावातला गिरणीकामगार तिथे आत गेला का?

गेला. त्याचीही नोंद आहे. शनिवारी दुपारी दोनला गिरण्यांतल्या बायका-मुलांना सुटी द्यायची असा कायदा 1850 साली झाला होता. प्रदर्शनाचे एरवीचे तिकीट एक शिलिंग, पण पुढे शनिवारी दुपारनंतर ते सहा पेन्स, म्हणजे निम्मे केले. यॉर्कशायरमधला गिरणीमालक टायटस सॉल्ट याने आपले 2,500 कामगार तीन खास गाड्यांत बसवून पाठवले. फ्रेडरिक एंगल्स त्या वेळी मँचेस्टरमध्येच घरच्या भागीदारीतल्या सूतगिरणीच्या पेढीवर काम करत होते. त्यांनी मार्क्सना पत्रातून कळवले की सध्या इथे जो तो कलारसिक झाला आहे, तुम्हीही येऊन हे बघाच.

पण आत गेलेल्या कामगाराला तिथे काय कळले? चित्रांजवळ माहितीच्या पाट्या नव्हत्या. यादी विकत घ्यावी लागे, आणि ती साहेबी इंग्रजीत. मग लँकेशायरच्या बोलीत एक पुस्तिका निघाली. बॉबी शटल नावाचा विणकर आपल्या बायकोला घेऊन प्रदर्शन बघायला जातो आणि घरी बोलतात त्या भाषेत सगळे सांगतो. कुणा मोठ्या समीक्षकाने लिहिलेल्या परीक्षणापेक्षा मला ही पुस्तिका मोलाची वाटते. कारण बघणाऱ्याने बघितलेले त्यात आहे. प्रदर्शनाचा इतिहास म्हणजे कोणी काय मांडले याची यादी खरीच, पण ती निम्मीच. दुसरा निम्मा भाग बघायला आलेल्यांचा.

एक गोष्ट तारखांकडे बघताना चटकन डोळ्यांत भरली. उद्घाटन 5 मे 1857 चे. 10 मे रोजी मेरठला शिपाई उठले. त्या प्रदर्शनात एक पौर्वात्य दालन होते आणि त्यात हिंदुस्थानातल्या उत्तमोत्तम वस्तू मांडल्या होत्या. म्हणजे दिल्ली-कानपूर-लखनौच्या बातम्या वर्तमानपत्रांत येत होत्या आणि त्याच उन्हाळ्यात लोक रांगेने हिंदुस्थानी कारागिरांचे हात बघत होते. वस्तूंचे कौतुक झाले, पण त्या घडवणाऱ्यांची नावे कुठे? त्या दालनापुरते मँचेस्टरच्या नोंदींत आणि आमच्या हॉलच्या ‘चित्रे’ या नोंदीत मला फारसा फरक दिसत नाही.

मँचेस्टरची नगरपालिकेची आर्ट गॅलरी ही त्यानंतरची. गावातल्या व्यापाऱ्यांनी 1823 साली एक कलासंस्था काढली होती, तिची देखणी दगडी इमारत होती. 1882 साली संस्थेने इमारत आणि संग्रह नगरपालिकेच्या हवाली केला. देताना एक अट घातली. पुढची 20 वर्षे नगरपालिकेने दर वर्षी 2,000 पौंड चित्रखरेदीला खर्च करायचे. ही अट मला फार आवडते. इमारत देणारे पुष्कळ असतात, पण आत रोज काहीतरी चालू राहावे म्हणून देणाऱ्यानेच घेणाऱ्याला बांधून घ्यावे, हे क्वचित. गावाच्या करातून, म्हणजे गिरणीत राबणाऱ्यांच्याही पैशातून, चित्रे घ्यायची. मग त्या चित्रांवर बोलायचा हक्कही त्यांचाच.

आपल्या बाजूला सातारा जिल्ह्यातल्या औंधचे संग्रहालय आहे. बाळासाहेब पंतप्रतिनिधींनी 1938 साली मूळपीठाच्या डोंगरावर बांधलेले. स्वतः चित्रकार असलेला राजा, रविवर्म्याची चित्रे, हेन्री मूरचे शिल्प, छतातून उतरणारा मऊ उजेड. औंधला गेलो की मला राजेसाहेबांविषयी आदर वाटतो आणि परतताना वाटते, राजाची आवड उत्तम होती हे आपले नशीब. नगरपालिकेच्या दालनाचे तसे नसते. तिथे एकाची आवड चालत नाही. तिथे भांडावे लागते, समजवावे लागते, मते मोजावी लागतात. ते कटकटीचे असते, आणि तरीही मला नगरपालिकेचे दालनच अधिक जवळचे वाटते.

भांडण म्हणजे कसे, तर 3 एप्रिल 1913 ची संध्याकाळ. त्याच दिवशी लंडनमध्ये स्त्रियांच्या मताधिकारासाठी लढणाऱ्या एमेलिन पँकहर्स्ट यांना तीन वर्षांची शिक्षा झाली होती. इकडे मँचेस्टरमध्ये रात्री गॅलरी बंद व्हायच्या बेताला रखवालदारांना काच फुटल्याचा आवाज आला. ॲनी ब्रिग्ज, एव्हलिन मॅनेस्टा आणि लिलियन फॉरेस्टर या तिघी एकेक करून चित्रांच्या काचा फोडत चालल्या होत्या. 13 चित्रे. त्यांत लेटनची होती, मिलेची, रोझेटीची, होल्मन हंटची. खटला झाला. ब्रिग्ज सुटल्या, फॉरेस्टर यांना तीन महिने आणि मॅनेस्टा यांना एक महिना.

तुरुंगात मॅनेस्टा फोटो काढू देईनात. तेव्हा एका पहारेकऱ्याने मागून गळ्याभोवती हात टाकून त्यांचे तोंड कॅमेऱ्याकडे धरले आणि फोटो काढला. पुढे लंडनच्या चित्रसंग्रहालयांना सावध करण्यासाठी अशा बायकांचे फोटो वाटले गेले, त्यात हाही होता. पण वाटायच्या प्रतीत तो हात पुसून टाकलेला होता. मूळ फोटो आणि पुसलेला फोटो, दोन्ही जपले गेले, म्हणून ती जबरदस्ती आज आपल्याला दिसते. एकच प्रत राहिली असती तर आपण म्हणालो असतो, चष्मा लावलेली एक बाई जरा त्रासिक चेहऱ्याने फोटोला बसली आहे.

काचा फोडणे बरे की वाईट, यावर आजही दोन मते असतील. मला चित्रावर हात उगारलेला सोसत नाही, आणि त्या तिघींच्या बाजूने उभे राहिल्याशिवायही राहवत नाही. पण नगरपालिकेच्या गॅलरीच्या इतिहासात तो दिवस तितकाच मानाने नोंदवला पाहिजे, जितका एखाद्या मोठ्या चित्रकाराच्या प्रदर्शनाचा. 2018 च्या जानेवारीत त्याच गॅलरीत वॉटरहाउसचे ‘हायलस आणि जलपऱ्या’ हे नग्न जलपऱ्यांचे चित्र आठवडाभर भिंतीवरून काढले. सोनिया बॉइस या कलावतीच्या पुढाकाराने. रिकाम्या जागी लोकांनी चिठ्ठ्या चिकटवायच्या, की बायकांची अशी चित्रे आज कशी मांडावीत. लोक इतके खवळले की चित्र परत लावावे लागले. मला ते काढणे पटले नव्हते. चित्र समोर ठेवूनही वाद घालता येतो, उलट तेव्हाच तो नीट घालता येतो. पण चिठ्ठ्या मात्र पटल्या. गावातला माणूस येतो, भिंतीवर आपल्या हाताने लिहून जातो की मला हे चालते किंवा चालत नाही. आपल्याकडच्या अभिप्रायवहीत काय असते? ‘अप्रतिम’, ‘सुंदर उपक्रम’, ‘शुभेच्छा’. मनातले कुणी लिहीत नाही, कारण ती वही शेवटी चित्रकार घरी घेऊन जाणार असते आणि त्याचे मन कोण दुखवणार!

मँचेस्टरच्या सगळ्या हकिगतीत मला सर्वांत जिव्हाळ्याचा वाटतो तो थॉमस हॉर्सफॉल. कापूस पिंजायच्या यंत्रांना लागणाऱ्या तारांच्या पट्ट्या बनवणाऱ्या घरातला. 1877 मध्ये, म्हणजे आपली जुनी मिल निघाली त्याच साली, त्याने वर्तमानपत्रातून मागणी केली की गिरणी कामगारांसाठी चित्रांचे संग्रहालय हवे, आणि ते गावाच्या शोभिवंत भागात नव्हे, त्यांच्या वस्तीत हवे. 1886 पासून अँकोट्समध्ये ते चालू झाले. अँकोट्स म्हणजे गिरण्या, कोंदट चाळी आणि धूर. तिथल्या मुलांनी मोकळे रान पाहिलेले नसायचे, म्हणून झाडे-पाने-पाखरे यांची चित्रे. प्रत्येक चित्राखाली साध्या भाषेत समजावून सांगणारा मजकूर. कामगाराला परवडेल अशा सामानाने सजवलेली एक नमुन्याची खोली, वस्तूंच्या किमतींसह. शाळांना चित्रे उसनी द्यायची. मुले संग्रहालयात गेली तर ती शाळेची हजेरी धरावी, यासाठी तो सरकारच्या मागे लागला आणि ते मान्य करून घेतले.

1918 मध्ये ते संग्रहालय नगरपालिकेकडे आले. 1953 मध्ये बंद झाले. वस्तू मुख्य गॅलरीत गेल्या. वस्तीतले दालन संपले ते संपलेच. हे वाचून मी खूप वेळ अस्वस्थ होतो. नगरपालिकेच्या हातात आलेली गोष्ट टिकतेच असे नाही, हे आपल्याला सांगायला मँचेस्टरची गरज नाही. पण हॉर्सफॉलने चित्रांखाली मजकूर कसा लिहिला, शाळांना काय काय पाठवले, हे लिहिलेले असल्यामुळे उद्या कुणाला ते पुन्हा करायचे असेल तर पहिल्यापासून सुरुवात करावी लागणार नाही.

आपल्याला नोंदी ठेवता येत नाहीत असे मी म्हणणार नाही. 1930 च्या मार्शल लॉच्या तारखा सोलापूरच्या शाळकरी पोराला तोंडपाठ असतात. 12 जानेवारी 1931 रोजी येरवड्यात फाशी गेलेल्या मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन या चौघांची नावे चौकात कोरलेली आहेत. सोलापुरी चादरीला भौगोलिक मानांकन मिळाले ते कागदपत्रे केली म्हणूनच. कापड कसे विणतात, कोण विणते, कधीपासून, हे सगळे नीट लिहून द्यावे लागले. जे आपल्याला आपले वाटते त्याचे कागद आपण करतो. एम. एफ. हुसेन 1915 साली आपल्या जिल्ह्यात पंढरपुरात जन्मले, हे आपण पाहुण्यांना हमखास सांगतो. पण मुंबईला न जाता इथेच राहिलेल्या, इथेच रंगवत राहिलेल्या माणसांचे काय? दुकानांच्या पाट्या रंगवणारे, गणपतीचे देखावे उभे करणारे, सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या यात्रेत नंदीध्वजांच्या वाटेवर पहाटेपासून रांगोळी घालणारे? रांगोळी तर मिरवणूक गेली की पायांखाली संपते. तिचे प्रदर्शन तेवढ्यापुरतेच. म्हणून तर फोटो आणि चार ओळी हव्यात.

आता अण्णांबद्दल सांगतो. पूर्व भागात त्यांचे घर, पुढच्या खोलीत माग होते ते आता विकले. अण्णा चादरीच्या आणि वॉल हँगिंगच्या नक्षी काढायचे. त्यांच्याकडे गेलो तेव्हा त्यांनी पलंगाखालून एक पत्र्याची नळी ओढली आणि त्यातून आलेख कागदाची गुंडाळी काढून फरशीवर पसरली. कोपऱ्यांवर दोन वजने आणि एक पानाचा डबा ठेवला. मोर होता. बारीक चौकड्यांचा कागद, आणि प्रत्येक चौकडी लाल पेन्सिलने भरलेली किंवा कोरी. भरलेले घर म्हणजे तिथे ताण्याचा धागा वर उचलायचा, कोरे म्हणजे खाली राहू द्यायचा. या कागदावरून ओळीगणिक पुठ्ठ्याच्या पट्टीला भोके पाडायची, पट्ट्या एकमेकींना शिवून माळ करायची आणि ती जेकार्डवर, म्हणजे मागावरच्या नक्षी विणायच्या यंत्रावर, चढवायची. धोटा एकदा गेला की एक पट्टी पुढे सरकते. चादर दोन पदरी, म्हणून वरच्या बाजूला जो मोर लाल तो पाठीमागे हिरवा. मोराच्या पिसाऱ्याची गोलाई चौकोनी घरांत बसवायची म्हणजे कुठे एक घर पुढे, कुठे दोन घरे मागे. लांबून बघितले की रेघ गोल दिसते, जवळ गेले की पायऱ्या दिसतात.

मी कागदावर वाकून बघत होतो. अण्णा म्हणाले, ‘‘काय बघायलाव एवढं? हे काय चित्र हाय का ओ? हिशोब हाय हा.’’

‘‘अण्णा, हे कधी भिंतीवर लावलं नाही?’’

‘‘भिंतीवर कापड लावतेत. कागद कशाला लावतंय कोण?’’

मग त्यांनी कागद उलटा केला. पाठीमागे बारीक अक्षरांत, निम्मे मराठी, निम्मे तेलुगू, लिहिलेले होते. कुठल्या पार्टीसाठी काढला, साल, सुताचा नंबर, रंग. आणि खाली एक ओळ त्यांनी मला वाचून दाखवली: मान बारीक झाली, पुढच्या वेळी चार घरे वाढवणे. मी दुसरा कागद उलटायला सांगितला. त्यावरही होते. पानाचा वेल, कोपऱ्यात गर्दी झाली, दोन पाने कमी करणे. तिसऱ्यावर एका पुढाऱ्याचा चेहरा, वॉल हँगिंगसाठी. त्याच्या मागे लिहिले होते, चष्म्याची काडी विणताना तुटते, जाड करणे, गिऱ्हाईक खूश. प्रत्येक नक्षीची तारीख, कारण, चूक आणि गिऱ्हाइकाचे मत. कुणी सांगितले नव्हते, तरी हा माणूस आयुष्यभर आपल्या कामाची वही ठेवत आला होता. वही वेगळी नव्हती, कागदाच्या पाठीवरच होती.

त्या दुपारी मला काय करायचे ते कळले. दालन कधी मिळेल, कसे मिळेल, त्यासाठी अर्ज-विनंत्या चालूच राहतील, त्या करायलाच हव्यात. आपल्या महानगरपालिकेची स्थापना 1 मे 1964 ची. इतक्या वर्षांच्या गावाला चित्रांसाठी स्वतंत्र, कायमचा, नीट उजेडाचा हॉल हवा, ही मागणी मी सोडलेली नाही. पण वही आजपासून ठेवता येते. तिला जागा लागत नाही, निधी लागत नाही, ठराव लागत नाही. गावात कुठेही प्रदर्शन लागले, शाळेच्या हॉलमध्ये, देवळाच्या ओवरीत, कुणाच्या बंद पडलेल्या कारखान्याच्या शेडमध्ये, तरी एक पान लिहायचे. मांडणाऱ्याचे नाव. तारखा. काय मांडले, त्याची पूर्ण यादी. काय विकले गेले आणि कितीला, सांगायची तयारी असेल तर. कोण बघायला आले. कशाला कुणी हरकत घेतली. भिंतींचा एक फोटो, उतरवायच्या आधी. आणि जुन्या प्रदर्शनांसाठी ज्यांच्या कपाटात निमंत्रणपत्रिका, फोटो, कात्रणे पडून असतील त्यांच्याकडून प्रती काढून घ्यायच्या, मूळ कागद त्यांच्याचकडे ठेवून. वहीच्या दोन प्रती, एक सार्वजनिक वाचनालयात, म्हणजे एकीला वाळवी लागली तर दुसरी राहील.

काही मित्रांनी लगेच विचारले, याला दर्जाची चाळणी काय? माझे म्हणणे, काही नाही. चांगले-वाईट ठरवणे हे पुढच्या माणसाचे काम. आपण आज चाळणी लावली तर अण्णांचा मोर पहिल्या फटक्यात खाली पडेल, कारण तो हिशेब आहे असे खुद्द अण्णाच म्हणतात. वहीने उदारच असले पाहिजे. सुमार चित्रांचे प्रदर्शनही एका वर्षी या गावात लोक काय रंगवत होते आणि कशाला टाळ्या देत होते ते सांगते. तेवढ्यासाठी तरी त्याला एक पान दिलेच पाहिजे.

पहिले पान अण्णांच्याच कागदांचे व्हावे असे ठरले आहे. येत्या गड्ड्याच्या यात्रेच्या दिवसांत, गाव बाहेरून आलेल्या माणसांनी भरलेले असते तेव्हा, पूर्व भागातल्याच एका शेडमध्ये ते लावायचे. अण्णा बरेच दिवस तयार नव्हते. ‘‘हसतील ओ लोक,’’ म्हणायचे. मग त्यांच्या नातवाने एक कागद दाराच्या आतल्या बाजूला चिकटवून दाखवला, तेव्हा ते उठून लांब गेले, पुन्हा जवळ आले, आणि मानेपाशी बोट ठेवून म्हणाले, ‘‘बारीकच हाय ही.’’ पण नाही म्हणाले नाहीत.

त्यांच्या अटी दोन. कागद असे टांगायचे की पुढची बाजूही दिसली पाहिजे आणि मागचे लिहिलेलेही वाचता आले पाहिजे. म्हणून आम्ही दोन काचांमध्ये कागद धरून तारेने छतापासून सोडायचे ठरवले आहे. दुसरी अट अशी की खालचा मजकूर तेलुगूतही हवा, कारण ज्यांच्यासोबत त्यांनी काम केले त्या माणसांच्या घरात तेलुगूच बोलतात. तेलुगू लिहून द्यायला त्यांच्या सूनबाई तयार आहेत, मराठी मी लिहितो आहे. कानडीचे अजून ठरायचे आहे.